ओसाकात ‘नको’ म्हणायची सोय नाही

माझी बहीण रोहिणी जपानमधल्या ओसाका शहरात म्हाताऱ्या माणसांना सांभाळायचं काम करते. आमच्या गावात, उमापुरात, हे कुणालाही सांगितलं की पहिला प्रश्न येतो, ‘कावून, त्यांना पोरंबाळं न्हाईत का?’ आणि लगेच दुसरा, ‘खाती काय ती तिथं?’ पहिल्या प्रश्नाचं उत्तर आम्ही जपानवर सोडून दिलं होतं. दुसऱ्यावर मात्र ती गेल्यापासून आमच्या घरात खल चालू होता.

यंदा तिथल्या लोकांनी तिला आणखी तीन वर्षं राहा म्हटलं. ताईला राहायचं होतं. तिनं आबांना फोन केला. आबा म्हणाले, “आईला इचार.” आमचे आबा, म्हणजे राधाकिशनराव, हे घरातलं असं ऑफिस आहे की जिथं कुठलाही अर्ज अडत नाही; फक्त वरच्या ऑफिसला जातो. वरचं ऑफिस म्हणजे आई. आई म्हणाली, “ये परत.”

ताईनं पगार सांगितला, खोली दाखवली, खिडकीतून दिसणारी बाग दाखवली. आई म्हणाली, “ते समदं ठीक हाय. पर तुला जेव म्हननारं कोन हाय तिथं? ताटात अजून घे म्हनतं का कुनी?”

“म्हणतात की आई.”

“कोन? नाव सांग.”

ताईला पटकन नाव सुचलं नाही. तिथंच केस हातची गेली.

मग तिनं डोकं लढवलं. त्या शहरात म्हणे संध्याकाळी एक गाईड माणसांना गल्लोगल्ली नेऊन खाऊ घालतो. तशी सहलच असते. ताई म्हणाली, “मी त्या सहलीला जाते आणि व्हिडिओ कॉल लावते. तूच बघ इथले लोक कसं खाऊ घालतात, मग ठरव.” आई म्हणाली, “बघते. पटलं न्हाई तर दिवाळीच्या आत घरी.” ताई हो म्हणाली. ती हो म्हणाली तेव्हाच मला वाटलं होतं की ही पोरगी देशाबाहेर राहून आईला विसरली आहे.

आमच्या घरात नेट नाही. भिंतीपलीकडं आप्पारावांचं खत-बियाण्यांचं दुकान आहे, त्यांचं वायफाय आमच्या देवघरापर्यंत येतं आणि तिथं थांबतं. म्हणून टीव्ही उचलून देवघरासमोर आणला, फोन त्याला जोडला, आणि आप्पारावांना बोलवावं लागलं. आप्पाराव माजी सरपंच. ते आले ते थेट पुढच्या खुर्चीत बसले आणि म्हणाले, “नेट माझं हाय.” यावर कुणाचं काही म्हणणं नव्हतं. शेजारच्या वत्सलाबाई निवडायला मूग घेऊन आल्या. त्यांच्या मागं उरलेली गल्ली आली.

ओसाकात दिवे लागतात तेव्हा आमच्याकडं दुपारचा चहा होतो. चहा झाला आणि टीव्हीवर ताई आली. मागं कालवा, कालव्याच्या पाण्यात लाल-निळे दिवे, आणि एका दुकानाच्या पाटीवर घराएवढा खेकडा, पाय हलवत.

“अगं माय,” वत्सलाबाई म्हणाल्या, “एवढा खेकडा!”

“आपल्या गोदावरीत निघायचा की,” आप्पाराव म्हणाले.

“एवढा?”

“जवळपास.”

गाईड म्हणजे एक लहानखुरी पोरगी निघाली. नाव मिहो. हातात पिवळी छत्री, पाऊस नसताना. तिनं फोनकडं बघून कमरेत वाकून नमस्कार केला. आबांनी हात जोडले. ती पुन्हा वाकली. मग गल्लीनं हात जोडले. ती गल्लीसाठी वेगळी वाकली. हे कुठं थांबवायचं हे दोन्ही देशांना कळेना. शेवटी आप्पाराव म्हणाले, “बास करा, पुढं चला,” आणि सहल सुरू झाली.

सहलीत ताईशिवाय ऑस्ट्रेलियाचं एक जोडपं होतं. बाई बारीक. नवरा ग्रॅहम नावाचा, दारातून आत येताना दाराची काळजी वाटावी असा.

पहिलं दुकान गोल गोळ्यांचं. एक माणूस खळग्या-खळग्यांच्या लोखंडी तव्यात पीठ ओतून दोन सळयांनी गोळे फिरवत होता.

“हे तर आप्पे,” आई म्हणाली. पहिल्या मिनिटाला जपान ओळखीचं निघालं म्हणून तिचा चेहरा जरा सैल झाला.

“आप्पेच आई. पण आत ऑक्टोपस असतो.”

“ते काय असतं?”

“समुद्रात असतो. आठ पायांचा.”

“आठ तर इंचवालाबी असत्यात,” वत्सलाबाई म्हणाल्या. गल्ली थोडी मागं सरकली.

“मी बाकी शाकाहारी हाय,” आप्पाराव म्हणाले. गेवराईच्या हायवेवरच्या प्रत्येक ढाब्याला हे ऐकून आश्चर्य वाटलं असतं.

मिहोनं गोळ्यांची द्रोणासारखी लांबट वाटी ताईपुढं धरली. ताईनं गोळ्यांकडं पाहिलं, मग फोनकडं पाहिलं, आणि म्हणाली, “नको.” म्हणजे जपानीत म्हणाली, पण हात कसा हलला त्यावरून आम्हाला कळलं.

मिहोनं मान झुकवली आणि वाटी ग्रॅहमला दिली.

आमच्या देवघरासमोर जी शांतता पसरली ती मी याआधी फक्त निकालाच्या दिवशी ऐकलीय.

इथं आमच्याकडची पद्धत सांगायला पाहिजे. पाहुण्यानं पहिल्यांदा ‘नको’ म्हणायचं असतं. ते उत्तर नसतं, ते संस्कार असतात. दुसऱ्यांदा विचारलं की ताटावर हात आडवा धरायचा. तिसऱ्यांदा वाढणारा त्या हाताच्या बोटांमधून वाढतो, पाहुणा ‘आरं आरं, बास’ म्हणतो आणि जेवतो. जो पहिल्या शब्दाला घेतो त्याला आम्ही हावरट म्हणतो, आणि जो पहिल्या नकाराला पुढं जातो त्याला काय म्हणतो ते इथं लिहिता येणार नाही. माझा मामा लिंबागणेशला एका लग्नात पोळीला ‘नको’ म्हणाला. वाढपी नवीन होता, खरंच पुढं गेला. मामा त्या घरच्या पुढच्या तिन्ही लग्नांना गेला, पण प्रत्येक वेळी घरून जेवून.

“एकदाच इचारलं,” आई म्हणाली.

“घाईत असंल ती,” आबा म्हणाले.

“एकदाच इचारलं हो.”

ग्रॅहमनं तोवर ताईचे गोळे संपवले होते. पहिल्यानं तोंड भाजलं होतं, तरी तो थांबला नाही.

दुसरं दुकान काडीला टोचून तळलेल्या तुकड्यांचं. कांदा, भोपळा, मांस, अंडं, जे सापडेल ते काडीला. ताईनं भिंतीवरची पाटी दाखवली. सगळ्यांत मिळून एकच रस्सा ठेवलेला असतो. त्यात काडी एकदाच बुडवायची. एकदा चावलं की दुसऱ्यांदा बुडवायची नाही, असं त्या पाटीवर लिहिलेलं.

“म्हंजी उष्टं चालत न्हाई त्यांना!” आई ताठ बसली. “बघा हो. आमाला वाटलं कसे लोक असतील. उष्टं-खरकटं कळतंय त्यांना.”

“शिस्तीचे लोक,” आप्पाराव म्हणाले. “आमच्या काळात ग्रामपंचायतीत मी हीच शिस्त आनली होती.”

“रश्शाची?” वत्सलाबाईंनी मुगातून मान वर न काढता विचारलं.

मला वाटलं, गाडी रुळावर आली. तेवढ्यात मिहोनं भोपळ्याची काडी ताईपुढं केली. ताईचा हात निम्म्यावर आलेला टीव्हीवर स्पष्ट दिसला. तिनं फोनकडं पाहिलं. फोनमधून आई, वत्सलाबाई आणि अख्खी गल्ली तिच्याकडं बघत होती.

“नको,” ताई म्हणाली.

मिहो झुकली. काडी ग्रॅहमकडं गेली.

“ह्यो बाप्या कोन हाय?” आई आता उभी राहिली. “माज्या पोरीचं समदं ह्योच खातोय! ओ भाऊ! ओ!”

ग्रॅहमनं फोनकडं बघून आनंदानं हात हलवला. हातात ताईची काडी होती.

“दोन वरीस पोरगी अशीच उपाशी ऱ्हाती व्हय!” आई आबांकडं वळली. “काय म्हनत होते तुमी, तब्येत चांगली दिसतीय? फोनमधी समदेच जाड दिसतेत. सांगा तिला. या म्हनावं घरी.”

मी फोन टीव्हीपासून काढला आणि आवाज जात नाही असं सांगून बाहेर, आप्पारावांच्या भिंतीपाशी आलो. टीव्ही काळा झाला. गल्लीनं आतून माझ्या सात पिढ्यांची विचारपूस केली.

“ताई, काय लावलंस? खा की!”

“कसं खाऊ?” ताई कुजबुजली. मागून तळणाचा आवाज येत होता आणि तिच्या आवाजात भूक होती. “इथं नवीन आले तेव्हा नको म्हणून म्हणून उपाशी झोपले, मग शिकले. आता रोज पहिल्या शब्दाला घेते. वर दोन हात पुढं करून घेते. पण आज आई बघतीय रे. वत्सलाकाकू बघतीयत. पहिल्या शब्दाला घेतलं तर म्हणतील, पोरगी हावरी झाली तिकडं जाऊन.”

“आणि नाही घेतलं तर दिवाळीच्या आत घरी.”

“ते पण आहे.”

“मग?”

“तू आईला जरा वेळ टीव्हीसमोरून उठव ना. तेवढ्यात मी काहीतरी खाते. चक्कर येतीय मला.”

मी आत गेलो आणि म्हणालो, “आई, म्हैस सुटली.”

“आबा जातील,” आई म्हणाली.

आबा गेले. म्हैस बांधलेली होती. आबा परत आले आणि म्हणाले, “बांधलीय.” आई म्हणाली, “मंग ठीक हाय,” आणि मला म्हणाली, “आंगद्या, लाव ते.” माझ्याकडं दुसरी योजना नव्हती. मी लावलं.

तिसरं दुकान एका बोळात होतं. बसायला लाकडी बाकं, आणि टेबल म्हणजेच तवा. दुकानदार म्हातारीनं कोबी घातलेलं पीठ तव्यावर ओतलं आणि उलथन्यानं गोल केलं.

“धपाटं,” आई म्हणाली, पण आता तिच्या आवाजात ओळखीचा आनंद नव्हता. सोयऱ्याच्या दारात धपाटं दिसावं आणि सोयरीक मोडलेली असावी, तसा आवाज होता.

म्हातारीनं वरून लाकडाच्या भुशासारखं काहीतरी भुरभुरलं आणि ते हलायला लागलं.

“जितं हाय!” वत्सलाबाईंचे मूग सांडले.

“मासा आहे काकू, वाळवून किसलेला. वाफेनं हलतो,” ताई म्हणाली.

“वाफेनं हलतो म्हनं,” वत्सलाबाई मूग गोळा करत म्हणाल्या. “मेलेला मासा. हलतो म्हनं.”

म्हातारीनं धपाट्याचे चौकोनी तुकडे केले. मिहोनं ग्रॅहमच्या बायकोला वाढलं, ग्रॅहमला वाढलं, ताईला विचारलं. ताईनं डोळे मिटले आणि सवयीनं, संस्कारानं, गल्लीच्या धाकानं मान हलवली. मिहो झुकली. ऑस्ट्रेलियानं खायला सुरुवात केली. एक-एक तुकडा संपत गेला आणि शेवटी तव्याच्या मधोमध एकच उरला.

आणि तो कुणी घेईना.

ग्रॅहमचा हात पुढं आला. बायकोनं कोपर मारलं, हात मागं गेला. बायको म्हणाली, मला नको. ताई तुकड्याकडं बघत राहिली. दुकानदार म्हातारी वर छताकडं बघायला लागली. तुकडा तव्यावर एकटा, कडेनं करपत चाललेला. इकडं देवघरासमोरही कुणी हलेना. आप्पारावसुद्धा गप्प होते, आणि नेट त्यांचं होतं.

मिहो हसली आणि ताईला काहीतरी म्हणाली. ताईनं चमकून फोनकडं पाहिलं.

“आई, ही म्हणतीय की आमच्या ओसाकात या शेवटच्या तुकड्याला नाव आहे. ‘एन्र्यो नो कातामारी’. म्हणजे संकोचाचा गोळा. हवा प्रत्येकाला असतो, पण सगळेच नको म्हणतात, म्हणून उरतो.”

आई टीव्हीजवळ सरकली. इतकी की मागच्यांना फक्त तिचा अंबाडा दिसत होता.

“म्हंजी नको म्हनायची पद्धत हाय त्यांच्यात?”

“आहे की. घरोघरी आहे.”

“मंग दुसऱ्यांदा कावून इचारत न्हाई ती? इचार तिला.”

ताईला लाज वाटली, पण भूक लाजेच्या पुढं गेली होती. तिनं विचारलं. मिहोनं लगेच तोंडावर हात धरला. मग बराच वेळ बोलली. बोलताना तिचे कान लाल झाले होते, हे आमच्या जुन्या टीव्हीवरही दिसलं.

“ती म्हणतीय,” ताई म्हणाली, “की तिची आजी कुणालाही चारदा विचारल्याशिवाय सोडत नाही. पण कामावर घेताना तिला शिकवलंय, परदेशी पाहुण्याला एकदाच विचारायचं. दुसऱ्यांदा विचारलं तर त्यांना जबरदस्ती वाटते. ती म्हणतीय, तुम्ही मघापासून नको म्हणताय आणि मला आतून कसंतरी होतंय, पण मला परवानगी नाही.”

“परवानगी?” आई म्हणाली. “वाढायला?”

“कंपनीचा नियम म्हनल्यावर,” आप्पाराव म्हणाले.

“गप बसा हो तुमी.” गल्लीत आप्पारावांना हे आजवर फक्त मतपेटीनं सांगितलं होतं. “आनि ती सोता? सोता काय खाल्लं तिनं? समद्यांना वाढतीय मघाधरनं. तोंडात काय घातलेलं बघितलं न्हाई मी.”

ताईनं विचारलं. “गाईड खात नाही म्हणतीय. कामावर आहे.”

आईनं पदर खोचला. बाई टीव्हीसमोर उभी होती, चूल आत होती, ताट समुद्रापार होतं, तरी पदर खोचला.

“तिला म्हन, त्यो तुकडा तू खा.”

ताईनं सांगितलं. मिहो दोन्ही हात हलवत नको नको म्हणाली.

“तिला म्हन, एवढासा तर हाय.”

मिहोनं छत्री छातीशी धरली. आडवी. आमच्याकडं हात धरतात, तिथं छत्री. गल्लीत खुशीची लाट गेली. तिसऱ्याची वेळ झाली होती आणि ते बारक्या पोरालाही कळत होतं.

“तिला म्हन,” आई म्हणाली, “मी तुझ्या आजीच्या जागी. इतक्या लांबून म्हनतीय. खा बाई. न्हाई खाल्लंस तर मलाबी आज घास उतरायचा न्हाई.”

“खा गं बाई, खा!” वत्सलाबाई ओरडल्या. “खा खा,” गल्ली म्हणाली. ग्रॅहमला भाषा येत नव्हती, पण विषय त्याचा आवडीचा होता. त्यानं बाकावर थाप मारली आणि तोही म्हणाला, “खा! खा!” दुकानदार म्हातारीनं उलथन्यानं तुकडा उचलला आणि मिहो पुढं काही बोलायच्या आत तिच्या बशीत टाकला.

मिहोनं खाल्लं. खाताना ती भिंतीकडं तोंड करून उभी राहिली, बहुतेक नियमाला दिसू नये म्हणून.

मग ती वळली. बशीत निम्मा तुकडा होता. तिनं तो ताईपुढं धरला.

“नको,” ताई म्हणाली. सवय.

मिहो झुकली नाही. तिनं फोनकडं पाहिलं, आईकडं पाहिलं, आणि बशी तिथंच धरली. पुन्हा घ्या म्हणाली. ताईनं हात आडवा केला. मिहोनं ताईचा हात दोन बोटांनी हळूच बाजूला सारला, तुकडा ताईच्या बशीत ठेवला, आणि जपानीत काहीतरी बोलली. ताईनं त्याचा अर्थ सांगितला नाही. कुणी विचारलाही नाही. ताई खात होती.

ती कशी खात होती हे मी लिहिणार नाही. बहीण आहे. एवढंच सांगतो की ग्रॅहमनं आदरानं पाणी पुढं केलं, आणि मग त्यानंच सगळ्यांसाठी आणखी धपाटी सांगितली. पुढची प्रत्येक बशी मिहोनं ताईला तीनदा विचारून दिली. चौथ्या बशीला ताई म्हणाली, “मिहो-सान, आता खरंच नको,” आणि तेही कुणी ऐकलं नाही.

“त्यो बाप्या बरा हाय तसा,” आई म्हणाली.

“उंचापुरा हाय,” आबा म्हणाले. दुपारभरात हे त्यांचं पहिलं मत होतं.

कॉल संपला. टीव्ही देवघरासमोरून पुन्हा आपल्या जागी गेला. पण गल्ली हलेना. दोन तास दुसऱ्यांना खाताना बघून सगळ्यांना सपाटून भूक लागली होती. वत्सलाबाई निवडलेले मूग पुन्हा निवडत होत्या. आप्पाराव म्हणाले, “चला, निघतो,” आणि खुर्चीत नीट बसले.

आईनं सगळ्यांकडं एकदा पाहिलं. “पिठलं टाकते. बसा. जेवूनच जावा.”

“नको नको,” गल्ली एका आवाजात म्हणाली. “जेवूनच आलोय.”

आई आत गेली. मी तिच्या मागं. ती लसूण ठेचत होती, जोरात. मी ताटं काढली. बेसन कालवलं. ताईचा विषय काढायची हिंमत होईना. पिठल्याला उकळी आली, तिनं झाकण ठेवलं आणि माझ्याकडं न बघता म्हणाली, “मला काय वाटायचं, ती म्हनंल नको, आनि लोक म्हनतील बरं. आनि समदं तिथंच संपंल. तिला काय पाह्यजे ते कुनाला कळायचंच न्हाई.”

“कळतंय की त्यांना.”

“हूं.” तिनं झाकण उचललं, वाफ तोंडावर घेतली, पुन्हा ठेवलं. “किती वरसं म्हनली ती?”

“तीन.”

“सांग तिला, ऱ्हा म्हनावं. आनि त्या पोरीला दर आठवड्याला घरी जेवायला बोलवायचं म्हनावं. ती नकोच म्हनंल. सोडू नको म्हनावं.”

मी देवघराच्या दाराशी जाऊन उभ्या उभ्या ताईला लिहिलं. तिचं उत्तर आलं, ‘ती शेजारी बसलीय. विचारलं. नको म्हणाली. पुन्हा विचारते.’

“आंगद्या,” आई म्हणाली, “फोन ठेव अन् ताटं ने बाहेर. आप्पारावांना आधी वाढ. घरी जायच्या गोष्टी करतेत मघापासून, पर उठंनात.”

बाहेर पंगत बसली होती. कुणी बसवली नव्हती, आपापली बसली होती. मी आप्पारावांपुढं ताट ठेवलं आणि पिठल्याचा डाव पुढं केला.

“नको रं,” आप्पाराव म्हणाले आणि ताटावर हात आडवा धरला. बोटं मात्र चांगली फाकवून.